जुलैच्या शेवटच्या आठवड्यात वेल्समधल्या स्कोमर बेटावर पफिन दिसतील का?

त्यांच्या भरवशावर जाऊ नका. पफिन हे समुद्रपक्षी एप्रिल ते जुलै एवढेच बेटावर असतात; पिल्लं समुद्रात उतरली की महिनाअखेरीस बिळं ओस पडतात. खात्री हवी तर जूनमध्ये जा. तेव्हा ‘द विक’च्या कड्याजवळ चोचीत सँडईल मासे आडवे धरून परतणारे पफिन अगदी पायांजवळून धावत जातात.

बोट मार्टिन्स हेवनहून सुटते. दिवसाला मोजक्याच लोकांना उतरू देतात, त्यामुळे तिकीट खूप आधी काढा. उतरल्यावर लगेच खड्या पायऱ्या आहेत. खाणं-पाणी सोबतच न्या, आणि निघताना बॅग नीट तपासा: चुकून एखादा उंदीर शिरला, तर जमिनीखाली घरटी करणारे हे पक्षी संपलेच म्हणून समजा.

पायवाट सोडू नका. जमीन आतून पोखरलेली आहे. पाय पडला की बीळ ढासळतं, आत पिल्लू गाडलं जातं.

खरं वैभव मात्र रात्री. मँक्स शिअरवॉटर या समुद्रपक्ष्याच्या लाखो जोड्या इथे आहेत, आणि जुलैअखेरही भेटतात. पाय फार मागे असल्याने त्यांना जमिनीवर धड चालता येत नाही, सीगल सहज मारतात. म्हणून ते काळोखातच उतरतात. मुक्काम मिळत असेल तर अमावास्येच्या आसपासची रात्र निवडा.