‘डेथ ऑफ अ सेल्समन’ या नाटकामध्ये फिरता विक्रेता विली आणि बिफ या बापलेकांचं नेमकं कुठे बिनसतं?

बॉस्टनच्या हॉटेलात. गणितात नापास झालेला बिफ वडिलांकडे धावत जातो, ते मास्तरांशी बोलतील या भरवशावर. तिथे खोलीत परकी बाई दिसते, आणि विली तिला नवे मोजे देतो. घरी आई लिंडा फाटके मोजे रफू करत बसते, म्हणून तो घाव खोल जातो. परत येऊन बिफ जिथे शिकायचं त्याचं स्वप्न होतं ते ‘व्हर्जिनिया विद्यापीठ’ हे नाव लिहिलेले आपले बूट जाळतो.

पण आर्थर मिलरच्या या १९४९च्या नाटकात सगळा दोष त्या प्रसंगावर टाकू नका. बिफ चेंडू चोरून आणतो तेव्हा बाप कौतुकच करतो, मुळं तिथे आहेत. चौतिसाव्या वर्षी जुना मालक ऑलिव्हर याचं पेन चोरल्यावर बिफला उमगतं, की आपण त्याच्याकडे सेल्समन नव्हतोच, माल पाठवणारे कारकून होतो.

शेवटचं भांडण नुसत्या रागात केलं तर प्रसंग पडतो. बिफने रडायलाच हवं. ते रडणं विलीला प्रेम म्हणून कळतं, आणि म्हणूनच विम्याचे २०,००० डॉलर मुलाला मिळावेत म्हणून तो जीव द्यायला गाडी काढतो.