शब्दशंका : ‘चिघळणारा’ क्षार, अळंबी आणि झाड

प्रश्न : आदरणीय बाई, मी विज्ञानलेखांची मराठी भाषांतरं करते. ‘डेलिक्वेसंट’ हे एकच विशेषण मला अलीकडे तीन ठिकाणी भेटलं. एकदा क्षाराला, एकदा अळंबीला आणि एकदा चक्क झाडाला. मराठी विश्वकोशात क्षारांच्या वर्णनात ‘चिघळणारा’ असा शब्द दिसला. पण चिघळते ती जखम. क्षार कसा चिघळेल? आणि झाड? त्यापेक्षा सगळीकडे सरळ ‘विरघळणारा’ लिहिलं तर चालेल का?

उत्तर : नाही, ‘विरघळणारा’ लिहू नका. ‘वितळणारा’ तर नकोच नको. मी एकतीस वर्षं रसायनशास्त्राच्या प्रयोगशाळेत शिकवलं आणि या तीन क्रियापदांची सरमिसळ जितकी खोडली तितकं दुसरं काही खोडलं नसेल. पदार्थ वितळतो तो उष्णतेनं. विरघळतो तो आपण दिलेल्या द्रवात. चिघळणाऱ्या पदार्थाला आपण उष्णताही देत नाही आणि पाणीही देत नाही. तो हवेतली वाफ ओढतो, त्या पाण्यात स्वतः विरघळतो आणि कोरड्या खड्याच्या जागी द्रावणाचं थारोळं उरतं. एवढी सगळी क्रिया एका शब्दात सांगायची आहे, हे आधी ध्यानात घ्या.

दरवर्षी पहिल्या तासाला मी वॉचग्लासवर, म्हणजे काचेच्या उथळ बशीवर, कॅल्शियम क्लोराइडचे दोन-तीन कोरडे खडे ठेवायची आणि त्यांच्याकडे पाठ फिरवून दुसरंच काही शिकवायला घ्यायची. हवा दमट असेल तर तास संपेपर्यंत खड्यांच्या कडा चकाकायला लागायच्या. दुसऱ्या दिवशी वॉचग्लासमध्ये खडा नसायचा, तेलासारखा दाट थेंब असायचा. मुलं विचारायची, ‘बाई, यात पाणी कुणी घातलं?’ हा प्रश्न त्यांच्या तोंडून आला की पुढचं शिकवणं सोपं व्हायचं.

पाणी हवेनं घातलं. खड्याच्या पृष्ठभागावर ओलाव्याचा पातळ थर बसतो, त्यात थोडा क्षार विरघळतो आणि संपृक्त, म्हणजे आणखी क्षार मावणार नाही असं, द्रावण तयार होतं. आता या द्रावणावरचा वाफेचा दाब शुद्ध पाण्यापेक्षा बराच कमी असतो. हवेतल्या वाफेचा दाब त्याहून जास्त असेल तर वाफ द्रावणात शिरत राहते. आणखी क्षार विरघळतो, आणखी वाफ येते. सगळा क्षार संपल्यावरही हे थांबत नाही. द्रावण पुरेसं पातळ होऊन दोन्ही दाब सारखे झाले की मगच थांबतं.

म्हणून ‘चिघळणारा’ हे विशेषण लिहिताना ‘किती दमट हवेत?’ हा प्रश्न मनात हवाच. २५ अंश सेल्सिअसला लिथियम क्लोराइड सुमारे ११ टक्के सापेक्ष आर्द्रतेलाच चिघळू लागतं. पोटॅशियम हायड्रॉक्साइडचा आकडा त्याहूनही खाली आहे. मॅग्नेशियम क्लोराइडला सुमारे ३३ टक्के लागतात, अमोनियम नायट्रेटला ६० च्या थोडे वर, आणि साध्या मिठाला, म्हणजे सोडियम क्लोराइडला, ७५. शुद्ध मीठ चिघळत नाही, त्यातल्या मॅग्नेशियम क्लोराइडमुळे ते ओलं होतं, असं आपण शाळेत शिकतो. ते ७५ टक्क्यांच्या खालच्या हवेपुरतं बरोबर आहे. त्याच्या वर गेलं की शुद्ध मीठही चिघळतं. उलट वाटेवरची गोष्ट मला त्याहून विलक्षण वाटते. हवेत तरंगणारा खाऱ्या पाण्याचा सूक्ष्म थेंब सुकताना ७५ टक्क्यांना परत स्फटिक होत नाही, तो जवळपास ४५ टक्क्यांपर्यंत द्रवच राहतो. समुद्रावरच्या हवेत असे असंख्य मीठकण असतात आणि ढगातले थेंब त्यांच्यावर धरतात, तेव्हा ही बाब पुस्तकातल्या तळटीपेपुरती नाही.

आता शब्दाकडे. ‘डेलिक्वेसंट’च्या लॅटिन मुळाचा अर्थ ‘द्रव होऊ लागणे’ असा आहे. त्यातलं ‘एस्क’ हे प्रत्ययासारखं रूप क्रिया सुरू होऊन पुढे चाललेली असल्याचं सांगतं. पूर्वीचे किमयागार टार्टरपासून, म्हणजे द्राक्षमद्याच्या पिंपात साचणाऱ्या खरपुड्यापासून, केलेला पोटॅशियम कार्बोनेट दमट तळघरात ठेवून देत आणि जे पाझरून साचे त्याला ‘टार्टरचं तेल’ म्हणत. त्यात तेल मुळीच नव्हतं, पण माझ्या वॉचग्लासमधला थेंब ज्यानं पाहिला आहे त्याला ते नाव खोटं वाटणार नाही.

मराठीत घरोघरी म्हणतात, ‘मिठाला पाणी सुटलं.’ बोलण्यात हे ठीक आहे, पण दिशा उलटी आहे. पाणी मिठातून बाहेर सुटत नाही, बाहेरून आत येतं. हिंदी परिभाषेतल्या ‘प्रस्वेद्य’ या शब्दाची अडचण नेमकी हीच आहे. प्रस्वेद म्हणजे घाम, आणि घाम आतून बाहेर येतो. संस्कृत शब्द आहे म्हणून तो आपोआप अचूक ठरत नाही. ‘चिघळणे’ मात्र पाणी कुठून आलं याविषयी चुकीचं काही सांगत नाही. कोरडं असायला हवं होतं ते ओलं झालं, ओल पसरत गेली आणि मूळ आकार राहिला नाही, एवढंच तो शब्द सांगतो. जखमेचंही तेच होतं. विश्वकोशात हा शब्द ज्यांनी स्वीकारला त्यांचा कान चांगला होता, असं माझं ठाम मत आहे. तुम्ही क्षारासाठी तोच वापरा, आणि पहिल्यांदा येईल तिथे ‘हवेतलं पाणी ओढून द्रवरूप होणारा’ एवढं जोडा.

भौतिकी-रसायनाच्या इतिहासातला एक प्रसंग तर या विशेषणाशिवाय सांगताच येत नाही. १८०७ च्या ऑक्टोबरात इंग्रज रसायनशास्त्रज्ञ हम्फ्री डेव्ही पोटॅश, म्हणजे पोटॅशियम हायड्रॉक्साइड, विजेनं फोडू पाहत होते. पाण्यातल्या द्रावणातून वीज सोडली तर नुसतं पाणीच फुटायचं. कोरड्या पोटॅशमधून वीज वाहतच नव्हती. शेवटी त्यांनी पोटॅशचा तुकडा काही क्षण उघड्या हवेत ठेवला. तेवढ्यानं वरचा पापुद्रा ओलसर झाला, वीज वाहण्यापुरता. तुकडा प्लॅटिनमच्या चकतीवर ठेवून तारा जोडल्या, तेव्हा ऋण बाजूला पाऱ्यासारखे चकाकणारे छोटे गोळे दिसू लागले आणि त्यातले काही स्फोट होऊन पेटले. पोटॅशियम हा धातू माणसानं पहिल्यांदा सुटा पाहिला तो असा. पूर्ण कोरडं नको, पूर्ण ओलं नको, काही क्षण चिघळू दिलेलं हवं.

अळंबीचं पाहू. खवलेदार छत्रीची ‘शॅगी इंक कॅप’ आणि तिच्यासारख्या शाई-अळंब्या पिकल्या की छत्रीच्या कडेपासून काळ्या पाण्यासारख्या गळू लागतात आणि काही तासांत छत्री नाहीशी होते. इथे हवेतल्या वाफेचा संबंध नाही. अळंबीची स्वतःचीच विकरं तिच्या पेशींच्या भिंती मोडतात. काळा रंग असतो बीजाणूंचा. छत्रीखालचे पापुद्रे एकमेकांना इतके खेटून असतात की आतल्या बीजाणूंना खाली पडायला वाट नसते, पण खालची कड गळत वर सरकते तशी ती वाट मोकळी होत जाते. या द्रवाची शाई करून लिहिलेलंही आहे. अशा सगळ्या अळंब्या पूर्वी ‘कोप्रिनस’ या एकाच प्रजातीत घालत. २००१ मध्ये डीएनएच्या आधारे तिचे तुकडे पडले, कारण नुसतं गळून जाणं हा नात्याचा पुरावा ठरत नाही. भाषांतरात ‘चिघळणारी अळंबी’ बिनधास्त लिहा. इथे जखमेची आठवण आली तरी बिघडत नाही. फक्त क्षारासाठी जोडलेलं स्पष्टीकरण इथे उचलून आणू नका, ‘स्वतःच्या विकरांनी’ असं लिहा.

झाडाला मात्र हा शब्द लावू नका, हात जोडून सांगते. वनस्पतिशास्त्रात या विशेषणाचा अर्थ पाण्याशी जोडलेला नाही. देवदार किंवा पाइनचं खोड तळापासून शेंड्यापर्यंत एकच सरळ जातं आणि फांद्या बाजूला राहतात. वड, आंबा, ओक यांचं खोड काही उंचीवर दुभंगतं, पुन्हा दुभंगतं आणि मुख्य खोड कोणतं हे सांगताच येत नाही. शेंड्याच्या कळीचा बाजूच्या फांद्यांवरचा वचक टिकत नाही, म्हणून हे होतं. खोड फांद्यांत हरवून जातं, एवढाच इथे ‘द्रव होण्या’चा अर्थ. मराठीत दूर जाणारा आवाज विरतो, विमानामागची धुराची रेघ विरते. मी ‘विरत्या खोडाचं झाड’ लिहीन. ‘चिघळतं झाड’ वाचून वाचक बुरशी शोधायला जाईल.

प्रश्न : बाई, ‘आर्द्रताशोषक’ आणि ‘चिघळणारा’ यांत फरक काय? सिलिका जेल कशात मोडतं? बारावीच्या मुलाला समजेल असं सांगाल का?

उत्तर : प्रत्येक चिघळणारा पदार्थ आर्द्रताशोषक असतो, पण उलट खरं नाही. सिलिका जेल पाण्याचे रेणू आपल्या सूक्ष्म छिद्रांच्या भिंतींवर धरून ठेवतं आणि घनच राहतं. तापवलं की ते पाणी सोडून देतं. संहत सल्फ्युरिक आम्लही हवेतलं पाणी ओढतं, पण ते आधीच द्रव आहे, त्यामुळे चिघळणार काय? घन पदार्थ स्वतः ओढलेल्या पाण्यात विरघळून गेला, तरच तो चिघळला.

यांच्या उलट धुण्याचा सोडा. त्याच्या स्फटिकात दर घटकामागे पाण्याचे दहा रेणू असतात. कोरड्या हवेत तो त्यातले नऊ सोडून देतो आणि पारदर्शक खड्याची पांढरी भुकटी होते.

मुलाला एक गोष्ट अवश्य सांगा. नोकरीच्या पहिल्या वर्षी मी सोडियम हायड्रॉक्साइडचे दाणे काट्यावर तोलून वर्गासाठी द्रावण केलं होतं. तोलताना शेवटचा आकडा वर वर सरकत होता आणि मी तो स्थिर व्हायची वाट पाहत राहिले. तो स्थिर होणार नव्हताच, दाणे माझ्यासमोर पाणी ओढत होते. सगळ्या मुलांची ब्युरेटची वाचनं एकाच बाजूला चुकली आणि दोन दिवसांचं काम पुन्हा करावं लागलं. त्या मुलांचा वेळ गेला याची चुटपुट मला अजून आहे. सोडियम हायड्रॉक्साइड पाण्याबरोबर हवेतला कार्बन डायऑक्साइडही घेतं, म्हणून वजनावर विसंबून त्याचं प्रमाण द्रावण, म्हणजे तीव्रता नेमकी माहीत असलेलं द्रावण, करता येत नाही. ऑक्झॅलिक आम्लाच्या द्रावणाशी टायट्रेशन करूनच त्याची तीव्रता ठरवायची. बाटलीचं झाकण कधी उघडलं आणि कधी लावलं, यावर लक्ष ठेवायची सवय मुलाला आत्तापासून लागू दे.

प्रश्न : मंगळावर चिघळणारे क्षार सापडले असं वाचलं. त्याचं एवढं महत्त्व का? (इयत्ता नववीतली वाचक)

उत्तर : तुझा प्रश्न वाचून मला फार आनंद झाला. २००८ मध्ये फिनिक्स हे यान मंगळाच्या उत्तर भागात उतरलं आणि तिथल्या मातीत त्याला पर्क्लोरेट, म्हणजे क्लोरीन आणि ऑक्सिजन असलेले, क्षार सापडले. हे क्षार चिघळणारे आहेत आणि त्यांचं द्रावण फार थंडीतही गोठत नाही. कॅल्शियम पर्क्लोरेटचं द्रावण उणे ७० अंशांच्याही खाली द्रव राहू शकतं. यानाच्या पायावर थेंबांसारखे दिसणारे ठिपके छायाचित्रांत आले, आणि काही शास्त्रज्ञांनी ते चिघळलेल्या क्षाराचे थेंब असावेत असं मांडलं. मंगळाच्या पृष्ठभागावर शुद्ध पाणी द्रव टिकणं जवळपास अशक्य, पण क्षारानं ओढून धरलेलं पाणी टिकेल का, आणि त्यावर जीव जगू शकेल का, हा प्रश्न त्यातून उभा राहिला.

पृथ्वीवर याचे दोन नमुने आहेत. अंटार्क्टिकाच्या कोरड्या दऱ्यांत डॉन वान नावाचं उथळ तळं आहे. ते कॅल्शियम क्लोराइडनं इतकं भरलेलं आहे की उणे ५० अंशांपर्यंत गोठत नाही. दुसरा नमुना चिलीच्या अटाकामा वाळवंटातला, आणि तो मला जास्त आवडतो. तिथल्या युंगाय भागात पाऊस जवळजवळ पडतच नाही. पण जमिनीवर मिठाचे खडबडीत गोळे आहेत. हवेतली आर्द्रता ७५ टक्क्यांच्या वर गेली की मीठ चिघळतं, आणि गोळ्यांच्या अतिसूक्ष्म छिद्रांत तर त्याहून कमी आर्द्रतेलाही पाणी धरलं जातं. त्या खाऱ्या ओलीवर मिठाच्या आत, पृष्ठभागाच्या थोडं खाली, सायनोबॅक्टेरिया, म्हणजे उजेडावर अन्न तयार करणारे जीवाणू, जगतात. मीठ अर्धपारदर्शक असल्यामुळे त्यांना उजेडही मिळतो. गोळा फोडला की आत त्यांचा हिरवट-करडा पट्टा दिसतो.