मुद्दामची अडखळ

प्रिय मित्रा,

'प्रयोग चोख होतो, पण प्रेक्षक लांबच राहतात' हे तुझं दुखणं कळलं. त्यावरचा तुझा उपाय वाचून मात्र कपाळाला हात लावला. म्हणे हल्ली मधूनच मुद्दाम अडखळतोस, म्हणजे 'खरा' वाटतोस!

हे खूळ कुठून आलं तेही ठाऊक आहे. १९६६ साली एलियट अ‍ॅरन्सन या मानसशास्त्रज्ञाने विद्यार्थ्यांना एका प्रश्नमंजूषेची ध्वनिफीत ऐकवली. जवळपास सगळी उत्तरं बरोबर देणाऱ्याने अंगावर कॉफी सांडली, तर तो जास्त आवडला. लोक इथेच थांबतात. यथातथा उत्तरं देणाऱ्याने सांडली, तेव्हा तो आणखी नावडता झाला! शिवाय ऐकणाऱ्यांना ते सांडणं अपघात वाटलं होतं. तुझी अडखळ शेवटच्या रांगेतूनही ठरवलेली दिसत असणार.

तू फक्त ऐक. समोरचा बोलतोय ते ऐक.

प्रेक्षकाला पुढचं वाक्य माहीत नसतं. तुलाही ते आत्ताच सुचलं असं वाटलं, की तो तुझ्या बाजूचा होतो. रोजच्या जगण्यात त्याच्या तरी हातात कुठे संहिता असते? पण समोरच्याचं वाक्य संपायच्या आत तुझा चेहरा तयार. का खटकलं हे त्याला सांगता येत नाही, पण खटकतं. म्हणून म्हणतो, ऐक.

आणि 'खरं रडू आणायचं का' हे मला विचारू नकोस. एका प्रयोगात सहकलाकाराने संहितेचं अर्धं पान गाळलं. माझ्या रडण्याचं कारण नेमकं त्या अर्ध्या पानात होतं. तरी मी ठरल्या जागी रडलो. अश्रू खरे होते रे, अगदी खरे! आणि अंधारात कुणीतरी हसलं.

ते हसू अजून कानात आहे. त्यानंतर तालमीत मी हट्टाला पेटलो. समोरचा मनापासून बोलेपर्यंत उत्तरच द्यायचो नाही. वेळ जायचा, लोक वैतागायचे. दोन दिग्दर्शकांनी पुन्हा बोलावलं नाही. माझी बोलण्याची रीत चुकली असेल, मान्य. मागत होतो ते आजही बरोबरच वाटतं.

असो. उद्या ती अडखळ काढून टाक. पाठांतर इतकं मुरू दे की पुढच्या वाक्याची काळजीच उरणार नाही. आणि ऐक. मग सहकलाकाराने कालच्यापेक्षा काय वेगळं केलं, ते मला लिही. नुसतं 'प्रयोग चोख झाला' लिहिलंस, तर उत्तर येणार नाही.