स्टे आहे, तरी झोप का लागत नाही?

"अपील चालू आहे, स्टे मिळालाय, तरी रात्री डोळ्याला डोळा लागत नाही." ग्वाल्हेरात लष्कर भागातल्या माझ्या समुपदेशनाच्या खोलीत हे वाक्य मी इतक्यांदा ऐकलंय, की एकदा त्यावर लिहायलाच हवं होतं.

काकू साठीच्या (ओळख पटेल असे तपशील बदलले आहेत). वाड्याच्या मागच्या चौकातल्या दोन खोल्यांत एकट्या राहायच्या. वाटणीचा दावा खालच्या कोर्टात हरल्या, जिल्हा न्यायालयात अपील केलं. अपिलाचा निकाल लागेपर्यंत दिरांनी वाडा विकू नये, पाडू नये, काकूंना खोल्यांतून काढू नये, असा तात्पुरता मनाई हुकूम मिळाला. तिकडे पुण्यात लेक बाळंत झाली. काकू गेल्याच नाहीत.

"मी कुलूप लावून गेले की भाऊजी ते तोडतील, ताई."

पहिल्या दोन भेटींत मी त्यांच्या मनाला हात लावला नाही. हुकूम आणायला सांगितला आणि तो ओळ न् ओळ वाचायला लावला. अर्धी भीती न वाचलेल्या कागदाची असते, हा माझा अठरा वर्षांचा अनुभव आहे. नुसतं अपील केल्यानं काहीही थांबत नाही, हुकूम वेगळा मागावा लागतो. तो देताना कोर्ट तीन गोष्टी बघतं: प्रथमदर्शनी बाजूत दम आहे का, हुकूम नाकारला तर कोणाची गैरसोय जास्त, आणि पैशानं भरून न निघणारं नुकसान होईल का. वाडा कोणाचा, हे त्यातून ठरत नाही. काकू मात्र स्टे मिळाल्याच्या दिवशी जिंकल्यासारख्या पेढे वाटून आल्या होत्या, आणि पुढच्याच तारखेला दिरांच्या वकिलांनी हुकूम उठवायचा अर्ज दिल्यावर हरल्यासारख्या अंथरुणाला खिळल्या.

"आणि परस्पर विकला तर?"

त्याचंही उत्तर कायद्यात आहे. १८८२ च्या मालमत्ता हस्तांतरण कायद्याच्या कलम ५२ प्रमाणे दावा चालू असताना घेणाऱ्यालाही शेवटचा निकाल बांधतो. अपिलाचा काळ त्यातच धरतात. (महाराष्ट्रात आणि गुजरातेत त्यासाठी दाव्याची नोटीस नोंदवावी लागते, हे तिकडच्या वाचकांनी ध्यानात ठेवावं.) हुकूम मोडणाऱ्याची मालमत्ता जप्त होऊ शकते, तीन महिन्यांपर्यंत दिवाणी कैदही होऊ शकते.

काकूंनी मान डोलावली. तरी रात्रीचा पहारा सुटेना.

मी मानसशास्त्रज्ञ अल्बर्ट एलिस यांच्या विवेकनिष्ठ विचारांना मानते. घटनेपेक्षा तिच्याविषयी मनात धरून ठेवलेलं वाक्य माणसाला जास्त छळतं. काकूंचं ते वाक्य पाचव्या भेटीत सापडलं.

"रात्री जागता, तेव्हा तुमच्या जागण्यानं नक्की काय थांबतं?"

बराच वेळ त्या पदराचं टोक पिळत राहिल्या. मी मधे बोलले नाही. तेवढी उसंत देणं मला सुरुवातीच्या वर्षांत जमत नसे.

"काहीच नाही," त्या हळूच म्हणाल्या. "थांबवतो तो कागद. मी नुसती जागते." मग रडल्या. "हे म्हणायचे, वाडा राखायचा तर जागं राहावं लागतं. ते गेल्यापासून मीच राखण करतेय."

नवऱ्याचा शब्द त्यांनी झोप मोडून पाळला होता. तो शब्द सोडा, असं मी म्हणाले नाही. राखण दुसऱ्या रीतीनं करू म्हटलं. खोल्यांचे तारखेसह फोटो काढले. हुकमाची प्रमाणित प्रत एक घरात, एक शेजारी. काही घडलंच तर वकिलांना लगेच फोन करायचं शेजाऱ्यांना सांगून ठेवलं. तुमच्याही घरी असा दावा असेल, तर एक वही करा. डाव्या पानावर वकिलांना विचारायचं: हुकूम कधीपर्यंत, त्यात विक्रीच आहे की बांधकाम आणि ताबाही. उजव्या पानावर ज्याला वकील उत्तर देऊ शकत नाही ते. ते पान घेऊन समुपदेशकाकडे या.

काकू बारा दिवस पुण्याला राहून आल्या. कुलूप जागेवर होतं. अपील अजून चालूच आहे. परवा फोनवर मी पुढची तारीख विचारली. पूर्वी तारखा त्यांना तोंडपाठ असायच्या.

"थांबा हं ताई," त्या म्हणाल्या, "वहीत बघून सांगते."