अंदाजे वजाबाकी शिकवायला घेताना

ताई, घाबरू नका, पोट्टे हे लवकर धरतात. सुरुवात आपल्या नागपूरपासूनच करा. २०११ च्या जनगणनेत पुणे शहर ३१,२४,४५८, नागपूर २४,०५,६६५. जवळच्या लाखात सांगा: ३१ वजा २४, म्हणजे ७ लाख. नेमका फरक ७,१८,७९३. इतकं जवळ आलेलं पाहून पोरांचे डोळे चमकतात, दरवर्षी बघतो मी.

सुरुवातीला या चुका होतातच:

- एक संख्या लाखात, दुसरी हजारात. दोन्ही एकाच स्थानापर्यंत न्या.
- आधी नेमकी वजाबाकी, मग उत्तराला गोल आकडा. हा अंदाज नाही. पाटी-पेन्सिल बाजूला ठेवायला लावा.

संख्या फार जवळच्या असल्या तर जपा. ५२,४८० आणि ५१,६२० हजारात नेल्या की फरक शून्य! तिथे शंभरातच थांबा, ९०० येतील. दशांश वगैरे दिवाळीनंतर.