अल्बर्टाच्या प्रोग्रेसिव्ह कन्झर्व्हेटिव्ह पक्षात पहिल्या फेरीत आघाडीवर असलेला उमेदवार तीनदा का हरला?

आपण कॅनडातील अल्बर्टा प्रांताच्या १९९२, २००६ आणि २०११ मधील पक्षनेतृत्वाच्या निवडणुकांविषयी विचारले आहे. तिन्ही वेळा पहिल्या फेरीत पुढे असलेला उमेदवार अखेरीस पराभूत झाला, आणि माझ्या मते त्यात योगायोगापेक्षा पक्षाच्या नियमांचा वाटा कितीतरी मोठा होता.

१९६५ साली पीटर लॉहीड यांच्याकडे नेतृत्व आले तेव्हा प्रांताच्या विधानसभेत या पक्षाचा एकही सदस्य नव्हता. १९७१ साली त्यांनी सत्ता मिळवली आणि ती पक्षाकडे २०१५ पर्यंत अखंड राहिली. चार दशकांहून अधिक काळ सरकार एकाच पक्षाचे असेल, तर प्रांताचा प्रमुख कोण व्हावा याचा खरा निर्णय सार्वत्रिक निवडणुकीत नव्हे, तर पक्षाच्या अंतर्गत निवडणुकीत होऊ लागतो. लॉहीड आणि त्यांच्यानंतर १९८५ मध्ये डॉन गेटी यांना मतदारसंघांतून आलेल्या प्रतिनिधींच्या अधिवेशनाने निवडले होते. गेटी पायउतार झाले तेव्हा मात्र पक्षाने प्रत्येक सदस्याला थेट मताचा अधिकार दिला, सदस्यत्वाची वर्गणी नाममात्र पाच डॉलर ठेवली आणि दोन फेऱ्यांच्या मधल्या काळातही नोंदणी खुली ठेवली. पुढचे सारे नाट्य या शेवटच्या तरतुदीतून घडले.

१९९२ च्या पहिल्या फेरीत नॅन्सी बेटकोव्स्की यांना १६,३९३ आणि राल्फ क्लाइन यांना १६,३९२ मते पडली. म्हणजे आघाडी होती ती अवघ्या एका मताची. आठवड्याभराने झालेल्या दुसऱ्या फेरीत क्लाइन यांना ४६,२४५, तर बेटकोव्स्की यांना ३१,७२२ मते मिळाली, आणि क्लाइन पक्षाचे नेते व प्रांताचे प्रमुख झाले. एकूण मतदान सुमारे ५२ हजारांवरून ७८ हजारांच्या घरात गेले होते, हे ध्यानात घेतले की दुसरी फेरी पहिल्याच मतदारांचा फेरविचार नव्हती, हे उघड होते. पहिल्या फेरीचे आकडे पाहून क्लाइन यांच्या कार्यकर्त्यांनी, विशेषतः ग्रामीण भागात, नवे सदस्य नोंदवून मतदानाला आणले. बेटकोव्स्की पुढे पक्ष सोडून गेल्या आणि नॅन्सी मॅकबेथ या नावाने लिबरल पक्षाच्या नेत्या म्हणून २००१ च्या निवडणुकीत क्लाइन यांच्यासमोर उभ्या राहिल्या. त्या निवडणुकीत त्यांना स्वतःची जागाही राखता आली नाही.

मला सर्वांत बोलके वाटते ते २००६ चे उदाहरण. त्या वर्षीच्या मार्चमध्ये पक्षाच्या प्रतिनिधींनी क्लाइन यांच्यावर केवळ ५५.४ टक्के विश्वास दाखवला आणि त्यांना जाणे भाग पडले. नोव्हेंबरमधील पहिल्या फेरीत माजी अर्थमंत्री जिम डिनिंग यांना सुमारे ३० टक्के, कडव्या उजव्या विचारांचे टेड मॉर्टन यांना २६ टक्के आणि ग्रामीण भागातील शेतकरी एड स्टेलमॅक यांना जेमतेम १५ टक्के मते होती. नियमानुसार पहिले तिघे पुढच्या फेरीत जात आणि तेथे मतदार दुसरी पसंतीही नोंदवत. दोघेच पुढे गेले असते, तर स्टेलमॅक यांचे नाव तेथेच संपले असते. प्रत्यक्षात बाद झालेल्या उमेदवारांपैकी तिघे त्यांच्यामागे उभे राहिले, मतदान एक लाख ४४ हजारांवर गेले, आणि स्टेलमॅक डिनिंग यांच्यापेक्षा पाचशेहून कमी मतांनी पुढे निघाले. मग मॉर्टन बाद झाल्यावर त्यांची दुसऱ्या पसंतीची मते मोठ्या प्रमाणात स्टेलमॅक यांच्याकडे वळली. डिनिंग यांचे चाहते बरेच होते; पण जे चाहते नव्हते, त्यांच्यापैकी फार थोड्यांना ते दुसऱ्या क्रमांकावर हवे होते. अशा पद्धतीत लोकप्रिय असण्याइतकेच अप्रिय नसणेही मोलाचे ठरते.

२०११ मध्ये गॅरी मार यांना पहिल्या फेरीत ४१ टक्के मते होती आणि ॲलिसन रेडफर्ड यांना १९ टक्क्यांहून कमी. शिक्षणाचा कापलेला निधी परत देण्याच्या रेडफर्ड यांच्या आश्वासनामुळे अनेक शिक्षकांनी सदस्यत्व घेतले, आणि तिसऱ्या क्रमांकावरील डग हॉर्नर यांच्या मतदारांच्या दुसऱ्या पसंतीने रेडफर्ड यांना विजयी केले.

२००६ आणि २०११ च्या विजयांची दुसरी बाजूही आहे. बाहेरून आलेले हजारो सदस्य मत देऊन निघून जात, आणि नव्या नेत्याला रोज सामोरे जावे लागे ते अशा आमदारांना, ज्यांच्यापैकी बहुतेकांनी दुसऱ्याच कोणाला पाठिंबा दिलेला असे. स्टेलमॅक यांनी २००८ मध्ये ८३ पैकी ७२ जागा जिंकल्या, तरी २०११ मध्ये त्यांना पद सोडावे लागले. रेडफर्ड प्रवासखर्चाच्या वादात मार्च २०१४ मध्ये गेल्या. वाद खरा होता, पण संकटात पाठीशी उभे राहणारे सहकारी त्यांच्याकडे मुळातच कमी होते, असे मला वाटते.

त्यानंतर २०१४ मध्येच जिम प्रेंटिस पहिल्याच फेरीत सुमारे ७७ टक्के मतांनी नेते म्हणून निवडून आले, पण त्या वेळी मतदान करणारे २३ हजारांच्या आसपासच होते. २००६ मध्ये एक लाख ४४ हजारांवर गेलेला उत्साह आठ वर्षांत एवढा आटला होता. मे २०१५ मध्ये पक्षाची सत्ता गेली. २०१७ मध्ये जेसन केनी यांची निवड पुन्हा प्रतिनिधींच्या अधिवेशनात झाली, आणि त्याच वर्षी हा पक्ष प्रांतातल्याच उजव्या विचारांच्या वाइल्डरोझ पक्षाबरोबर युनायटेड कन्झर्व्हेटिव्ह पक्षात विलीन झाला. या नव्या पक्षाने २०२२ मध्ये नेता निवडताना सदस्यनोंदणी मतदानाच्या बरीच आधी बंद केली आणि सर्व पसंतीक्रम एकाच मतपत्रिकेवर घेतले. डॅनिएल स्मिथ पहिल्या मोजणीत ४१ टक्क्यांवर, सर्वांच्या पुढे होत्या. सहाव्या मोजणीत सुमारे ५४ टक्क्यांनी त्याच जिंकल्या.