मुंबईतील गिरणी कामगारांना घरे सरकारने स्वतःहून दिली की ती आंदोलनामुळे मिळाली?

माझ्या मते ती आंदोलनामुळेच मिळाली, आणि जितकी मिळायला हवी होती त्याहून फार कमी मिळाली. १९८२च्या संपानंतर गिरण्या एकामागून एक बंद पडत गेल्या. १९९१च्या विकास नियंत्रण नियमावलीतील नियम ५८ प्रमाणे गिरणीच्या जमिनीचा साधारण एक तृतीयांश भाग मोकळ्या जागेसाठी महापालिकेला, एक तृतीयांश स्वस्त घरांसाठी म्हाडाला आणि उरलेला मालकाला मिळणार होता. मात्र २००१च्या दुरुस्तीने ही वाटणी केवळ बांधकाम नसलेल्या मोकळ्या जमिनीपुरती उरली, त्यामुळे सार्वजनिक वाटा अतिशय घटला. आणि मार्च २००६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ती दुरुस्ती वैध ठरवली. या सर्व काळात दत्ता इस्वलकर यांच्यासारख्या कार्यकर्त्यांनी, नोकरी गेलेल्या आणि अनेकदा गावी परतलेल्या कामगारांना संघटित ठेवून, मोर्चे आणि उपोषणांद्वारे म्हाडाच्या वाट्यातील घरांवरचा कामगारांचा हक्क लावून धरला. २०१२ मध्ये ६,९२५ घरांची सोडत निघाली, तो या चिकाटीचाच परिणाम होता. परंतु अर्जदार दीड लाखांच्या आसपास असल्याने बहुसंख्य कामगार आणि त्यांचे वारस त्यानंतरही प्रतीक्षेतच राहिले.